हिरव्याखालची जागा

सरांनी माझ्या हातातला ब्रश घेतला आणि सगळ्या वर्गासमोर माझं घर हिरव्या रंगानं बुजवलं.

"निसर्गचित्र आहे हे," ते म्हणाले. "झोपडपट्टीची घाण कशाला आणतेस? तुम्हा लोकांना दुसरं दिसतच नाही का काही?"

पोरं हसली.

घाटकोपरला एका मैत्रिणीच्या टॉवरच्या गच्चीवर आमचा कॉलेजचा चित्रकलेचा वर्ग भरला होता. समोर डोंगर. सगळ्यांनी झाडं काढली, ढग काढले. मी पत्रे काढले, निळं प्लास्टिक काढलं. मधोमध मातीचा उघडा पट्टा. तिथून आधीच्या पावसाळ्यात दरड आली होती. त्या दुपारी मी पाण्याला खाली गेले होते. ताई कामावरून येऊन झोपली होती.

मैत्रीण हळूच म्हणाली, "आता छान वाटतंय ना गं?"

मी ब्रश फडक्याला पुसला.

दरड उपसताना फायर ब्रिगेडचा माणूस मध्येच म्हणाला होता, "कुणी आवाज करू नका." सगळी वस्ती गप्प झाली. आई मातीला कान लावून पडली. आतून कुणी बोललं नाही. ती शांतता अजून माझ्या कानात आहे. कुठलाही डोंगर दिसला, कॅलेंडरवरचा असला तरी, माझी नजर आधी पायथ्याशी जाते. खाली कुणी आहे का, बघते.

ते चित्र कॉलेजच्या प्रदर्शनाला निवडलं गेलं. आईला घेऊन गेले. तिनं नवी साडी नेसली होती. बराच वेळ बघत राहिली. मग माझ्या कानाशी येऊन म्हणाली,

"आपलं घर खंय गो ह्यात?"

मी चित्र भिंतीवरून उतरवलं. टेबलावर ठेवलं आणि पॅलेट नाइफनं तो हिरवा रंग खरवडायला लागले. तो अजून पुरता सुकला नव्हता. लोक जमले. सर धावत आले.

"डोकं फिरलंय का तुझं? निवडलेलं चित्र आहे."

"सर, इथं माझी बहीण गेली."

ते मग आवाज खाली आणून म्हणाले, "वाईट झालं. पण ते चित्रात आणायचं नसतं."

"तुम्ही गच्चीवरून बघितलात डोंगर. मी त्याची माती उपसलीय."

खरवडताना कॅनव्हास फाटला. मी थांबले नाही. चित्र प्रदर्शनातून काढलं गेलं. आईनं ते काखेत धरलं, आणि आम्ही दोघी बाहेर पडलो. साडीला रंग लागला.

आता त्या पट्ट्याखाली परत घरं उभी राहिलीत. जायला दुसरी जागा नाही म्हणून. मी तिथं जाऊन बसते आणि एकेक दार काढते. दारात उभ्या माणसाला नाव विचारते, ते चित्रावर लिहिते. हॉलच्या भिंतीला शोभेलसं काहीतरी द्या, असं म्हणणारे भेटतात. त्यांना मी नाही म्हणते. डोंगर पुन्हा खाली आला, तर इथं कुणी राहतच नव्हतं असं कुणाला म्हणता येणार नाही. तेवढं मी करणार.