कॅसेटवरचा सेलोटेप

मंडळी, दादाने तीस वर्षं ‘जपून’ ठेवलेली माझी व्हिडिओ कॅसेट आज पेन ड्राइव्हवर घ्यायला बुधवार पेठेत गेले. तिच्यात टीव्हीवरून उतरवलेली पोलंडची बाहुल्यांची कार्टून्स होती. कुणी वर दुसरं काही रेकॉर्ड करू नये म्हणून मी कडेची पट्टी तेव्हाच मोडून टाकली होती.

दुकानदार म्हणाले, “ताई, मोडलेल्या जागी कुणीतरी सेलोटेप लावलाय. तो लावला की पुन्हा रेकॉर्ड करता येतं.”

कॅसेट लावली, तर दादाच्या कॉम्प्युटर क्लासचा निरोप समारंभ! कार्टून्सपैकी उरली फक्त शेवटची, पोलिश स्टुडिओच्या नावाची पाटी.

लगेच दादाला फोन केला. तो हसला. “अगं, यूट्यूबवर मिळतील की!”

मिळतील हो. पण परवा भाऊबीजेला तो जेवायला येतोय. तुम्ही ओवाळलं असतं?