एक डाव पुरे

शरयूताईंची आणि माझी ओळख नाशिकच्या एका मंगल कार्यालयात झाली. नव्वदचे दशक नुकतेच लागले होते आणि मी लग्नांचे व्हिडिओ शूटिंग करत असे. फोकस चुकला म्हणून मी नवरदेवाला हार काढून पुन्हा घालायला लावला. पाहुण्यांतल्या ताई जवळ येऊन म्हणाल्या, "हात स्थिर आहे तुमचा. माझ्याबरोबर काम कराल? पैसे मात्र लग्नाएवढे मिळणार नाहीत." हा शब्द त्यांनी आजवर तंतोतंत पाळला आहे.

पैशासाठी कोणाच्याही दारी न जाता ताईंनी माहितीपट केले. चांदवडच्या कांदा मार्केटमधल्या बायका, ओझरच्या विमान कारखान्यातून निवृत्त झालेले कामगार त्यांनी पडद्यावर आणले. ज्यांच्यावर फिल्म, त्यांना ती आधी दाखवायची, बाकीच्यांना नंतर, हा त्यांचा शिरस्ता. त्यांच्या साठीनिमित्त मी असेच गुण लिहिणार होतो. पण ताईंचा फोन आला, "किसनबाबांचं लिहिणार नसशील, तर लेखच देऊ नकोस." गौरवग्रंथात हे लिहिताना मला मेल्याहून मेल्यासारखे होते आहे.

किसनबाबांचा गुलाबाचा मळा मखमलाबादकडे होता. घरच्यांनी तो प्लॉटसाठी विकला. पहिले झाड आपणच काढायचे, असे बाबांनी ठरवले. आमच्या कॅमेऱ्यासमोर कुदळीने मुळे मोकळी करून त्यांनी झाड उपसले, त्याच्याशी दोन शब्द बोलले आणि रडले. नेमके तेव्हाच ओझरचे विमान डोक्यावरून गेले आणि आवाजाची पार वाट लागली. ताईंच्या तोंडून निघून गेले, "बाबा, एकदा पुन्हा कराल?"

बाबांनी निमूटपणे झाड खड्ड्यात ठेवले, माती लोटली आणि पुन्हा उपसले. तेच बोलले, तसेच रडले. मग डोळे पुसत त्यांनी विचारले, "आता बराबर आलं का, ताई? का अजून एक डाव करू?"

शरमेपोटी ताईंनी फिल्ममधून तो प्रसंगच काढून टाकला. मला ते फार थोर वाटले होते.

बाबांच्या ओट्यावर टीव्ही मांडून आम्ही फिल्म दाखवली. बाबांनी हौसेने भाऊबंद बोलावले होते. फिल्म संपली. बाबांच्या पत्नी सरूबाई म्हणाल्या, "ताई, ह्यांना दोनदा रडवलं अन् एकदाबी दावलं नाय. मग रडवलं कशापायी?"

"चुकलं माझं," ताई सगळ्यांसमोर म्हणाल्या. "दोनदा चुकलं."

आता त्या फिल्ममध्ये पहिल्या वेळचाच प्रसंग आहे, विमानाच्या घरघरीसकट. बाबांचे ओठ हलतात, शब्द ऐकू येत नाहीत. दुसऱ्या वेळचे स्पष्ट शब्द आमच्याकडे आहेत, पण ताई ते लावत नाहीत. त्यानंतर त्यांनी कोणालाही 'पुन्हा' म्हटलेले नाही. चांगला प्रसंग हातचा गेला की मी कुरकुरतो आणि त्या चहा सांगतात. प्रेक्षकांतून कोणी 'इथे आवाज खराब आहे' म्हणाले, की त्या उभ्या राहून सगळी हकीकत सांगतात. तेव्हा मी मागे जमिनीकडे पाहत असतो. बाबा दुसऱ्यांदा रडत होते, तेव्हा मी फोकस अगदी नेमका लावला होता.

ताईंना उदंड, निरोगी आयुष्य लाभो आणि त्यांचे कुरकुरते गुडघे अजून पुष्कळ बांध ओलांडोत. सत्काराला किसनबाबा आणि सरूबाई येणार आहेत आणि ताईंना हार बाबाच घालणार आहेत. फोटोग्राफर मित्रांना हात जोडून एकच विनंती आहे. फोटो हुकला तर हुकू द्या, बाबांना पुन्हा घालायला सांगू नका.