नऊ खिडक्यांची पंगत

बोंडअळीनं कापूस पोखरला त्या सालची गोष्ट. यवतमाळात एका जिनिंग कारखान्याच्या फाटकासमोर माझी खानावळ होती. कापसाच्या गाड्याच येईनात, तर हमाल तरी कुठून राहणार? चाळीस ताटांवरून मी नऊ ताटांवर आले होते. त्या नऊ हमालांवरच माझी चूल पेटत होती. अशात जिनिंगच्या शेठला काय सुचावं, तर आवारात यंत्राचं स्वयंपाकघर. कापूस आणता येईना म्हणून यंत्र आणलं असावं बिचाऱ्यानं.

उद्घाटनाला नारळ मलाच फोडायला लावला. माझीच चूल विझवायची, आणि मानही मलाच. शेठचं मन मोठं, त्याला काय करता.

पुण्याहून एक इंजिनिअर साहेब आले होते. काचेआड लोखंडी हात भाजी ढवळत होता. ना घाम, ना शिंक, ना शेजारणीशी दोन शब्द. साहेब म्हणाले, "आजी, याच्या आत वेळ थांबतो. सकाळी सातची भाजी संध्याकाळीही सकाळी सातचीच."

"मले बसवता का मंग त्यात?" मी म्हटलं. "तीस वर्षांआधी बसवलं असतं तर गुडघे तरी वाचले असते."

साहेब हसले. शेठ हसला नाही.

नऊ हमाल बाकावर बसले. प्रत्येकासमोर भिंतीत एक खिडकी. पहिल्या खिडकीतून ताट आलं ते त्यांच्यातल्या मुकादमापुढं. दुसरं दोन मिनिटांनी, तिसरं आणखी दोन मिनिटांनी. आता, शेवटच्याला वाढून झाल्याशिवाय आमचा मुकादम घास मोडत नाही, आणि त्याच्याआधी बाकीचे मोडत नाहीत. सगळे मांडीवर हात ठेवून बसले. दहा मिनिटं झाली तशी मुकादमाच्या खिडकीनं ताट आत ओढून घेतलं. दहा मिनिटांत माणूस जेवतो, असं त्या यंत्राला शिकवलेलं. नवव्याला ताट आलं तोवर पहिले चौघं पुन्हा रिकामे. मग उरलेले पाच त्या चौघांसाठी थांबले. त्यांचीही ताटं गेली.

भिंतीवर पाटी उजळली, 'नऊ जण जेवले.' शेठनं टाळ्या वाजवल्या.

"काहून बसून राह्यले रे उपाशी?" मी विचारलं.

"भाजीसाठी वेळ थांबते म्हणे, आजी," मुकादम उठत म्हणाला. "आमच्यासाठी नाई थांबला. चाल, तुह्याकडं."

मी तर नारळाच्या मानापायी काही रांधलंच नव्हतं. पीठ मळण्यापासून सुरुवात. अर्धा तास लागला, तरी कुणी उठून गेलं नाही. मागून साहेबही येऊन बसले, दिवसभराचे उपाशी. त्यांना पहिली भाकर वाढली तशी त्यांनी लगेच तुकडा मोडला.

मुकादमानं हळूच त्यांच्या मनगटावर हात ठेवला. "जरा दम धरा साहेब. त्या टोकाले अजून भाकर पोचली नाई."

साहेब थांबले. तुकडा हातात, डोळे माझ्या तव्यावर. दहावी भाकर टोकाला पोचली तेव्हा मुकादम म्हणाला, "घ्या आता." आणि माझ्याकडं वळून, "उद्या अंबाडीची भाजी करजो, आजी. आमी नऊही जणं येतो."