गंगूमामीची कात्री

एकनाथमामाने पुस्तकबंदीवर तीन पुस्तकं लिहिली आणि त्या तिन्हींना गंगूमामीने कात्री लावली. मामा विद्यापीठात मराठी शिकवायचा. इंग्रज गेल्यावर आपल्या साहित्यात काय बदललं, त्यांचे बंदीचे कायदे आपण कसे जपून ठेवले, कोणत्या पुस्तकावर कोण भडकतं आणि मग सरकार कसं घाबरतं, हा त्याचा विषय. लेखणी मोठी तिखट. माणूस मात्र असा, की दुधात पाणी आहे हे दूधवाल्याला सांगायलाही मामीला पुढे करायचा.

मी एम.ए.साठी विद्यापीठाजवळ तारनाक्याला त्यांच्याकडे राहत होते. मामाचं अक्षर पुण्याच्या प्रकाशकाला लागत नसे, म्हणून सगळं मामी टाईप करून द्यायची. लग्नाआधी ती काचीगुड्याच्या एका मराठी शाळेत टायपिस्ट होती. एकदा कागद जुळवताना माझ्या लक्षात आलं, की मामाने लिहिलेला एक अख्खा परिच्छेद टाईप झालेलाच नाही. त्यात एका मंत्र्याचं नाव होतं. मी विचारलं तेव्हा मामीने आधी दार लोटून घेतलं.

"त्यांना सांगशील तर तुला माझ्या गळ्याची शपथ," ती म्हणाली.

मामा स्वतःचं छापलेलं पुस्तक कधी उघडत नसे. आली प्रत की कपाटात. त्यामुळे मामीचं फावलं होतं. बंदीच्या विरोधात लिहिणाऱ्याच्या स्वयंपाकघरातच बंदीचं खातं चालतं, याचं मला आधी हसू यायचं. मग तिची गोष्ट कळली.

रझाकारांच्या दिवसांत ती लहान होती. तिच्या गावचे दत्तोबा मास्तर निजामाच्या हद्दीबाहेरून बंदी असलेलं मराठी वर्तमानपत्र आणायचे आणि तिच्या वडिलांना, नामदेवरावांना, वाचून दाखवायचे. नामदेवरावांनी आपल्याकडचे अंक म्हशीच्या गव्हाणीखाली पुरले, म्हणून ते घर वाचलं. मास्तरांच्या पिशवीत मात्र झडतीत एक अंक सापडला. रझाकारांनी त्यांना नेलं ते नेलंच. त्यांची बायको पुढे कितीतरी महिने त्यांचं ताट वाढून झाकून ठेवायची. ते ताट मामीने पाहिलं होतं. छापलेल्या मजकुरात कुणा मोठ्या माणसाचं नाव दिसलं, की तिला अजून ते आठवायचं.

नव्वदनंतर घराघरात नव्या वस्तू शिरू लागल्या, तशा मामाकडेही आल्या. त्यांचा मुलगा संदेश कुकटपल्लीच्या एका कंपनीत लागला आणि त्याने कॉम्प्युटर आणला. वर्षानुवर्षं नंबर लावून ठेवलेला फोनही आला. संदेशने बापाला कॉम्प्युटरवर मराठी लिहायला शिकवलं आणि मामीच्या टाईपरायटरवर खोळ चढली. आईची टायपिंगची कटकट गेली, म्हणून तो खूश होता. मामी मात्र चहा द्यायच्या निमित्ताने मामाच्या पाठीशी उभी राहायची आणि पडद्यावरची अक्षरं चोरून वाचायची.

चौथ्या पुस्तकातलं एक प्रकरण मामाने फ्लॉपीवर घालून परस्पर एका दिवाळी अंकाला पाठवलं. शहरातल्या एका वाचनालयासमोर कुणाच्या तरी कादंबरीची होळी झाली होती. ती कुणी पेटवली हे सगळ्यांना ठाऊक होतं, पण वर्तमानपत्रांनी 'काही लोकांनी' एवढंच छापलं. मामाने त्या पुढाऱ्याचं नाव लिहिलं होतं.

दिवाळी झाली आणि फोन आला. मामीने उचलला. आवाज अगदी अदबीचा होता.

"प्रोफेसर साब को सलाम बोलो, अम्मा. नामां बहुत लिख रै सुने. लड़का कुकटपल्ली जाता ना, कौनसी बस से जाता?"

मामीने रिसीव्हर ठेवला आणि घरातल्या सगळ्या खिडक्या लावून घेतल्या. ऐन दुपारी आम्ही दिवा लावून बसलो. त्यानंतर फोन वाजायचा, पलीकडे कुणी बोलायचं नाही, नुसता श्वास ऐकू यायचा. संदेश मित्राच्या स्कूटरवरून जाऊ लागला. तो परत येईपर्यंत मामी जेवत नसे. मीही विद्यापीठातून येताना दहादा मागे वळून बघायची. मला खरंच फार भीती वाटत होती. मामा तर फोनच्या खोलीतही जाईना. वाजला की तो बाथरूममध्ये शिरायचा आणि मामी उठायची.

अशात प्रकाशकाचं पत्र आलं, की पुस्तक छापायला घेतोय, शेवटची प्रत पाठवा. त्या रविवारी मामाने स्वतःच टाईपरायटरची खोळ काढली आणि होळीच्या प्रकरणाचे कागद मामीपुढे ठेवले.

"गंगू, हे तेवढं टाईप करून दे."

मामी म्हणाली, की कॉम्प्युटरवर झालंय ना सगळं.

"तसं नाही. तू करतेस तसं कर," मामा खाली बघत म्हणाला.

मामीला समजायला थोडा वेळ लागला. मग तिचा चेहरा पार उतरला.

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"पहिल्या पुस्तकापासून. तू आहेस म्हणून तर मी बेधडक लिहीत होतो. फ्लॉपी पाठवताना तेवढं ध्यानात आलं नाही."

मला वाटलं, ती आता रडेल. इतकी वर्षं तिने नवऱ्याला फसवल्याचं पाप मनात बाळगलं होतं, आणि हा गृहस्थ तिच्या भीतीच्या भरवशावर शूर म्हणवून घेत होता. मामाचा इतका राग मला कधीच आला नव्हता. पण ती रडली नाही. तिने कागद चढवला. चुका होऊन दोन कागद वाया गेले. तिसरा मी शेजारी बसून वाचत होते. ती त्या वाक्यापाशी आली, थांबली, पदराने कपाळ पुसलं आणि पुढाऱ्याचं नाव टाईप केलं. पहिलं नाव, बापाचं नाव, आडनाव.

"अगं, संदेशचा तरी विचार कर," मामा म्हणाला.

"तो लिहिताना करायचा होता. आता मी नाही कापणार. लई वर्षं मी एकटी भ्यायले, आता जरा तुम्ही भ्या. नको असेल तर तुमच्या हाताने खोडा."

कागद तिने त्याच्यासमोर ठेवला, वर पेन ठेवलं. मामाने पेन उचललं. तेवढ्यात फोन वाजला. सवयीने मी मामीकडे पाहिलं. ती दोन्ही हात मांडीवर घट्ट धरून बसून होती, पण उठली नाही. फोन वाजतच राहिला. शेवटी मामाने पेन खाली ठेवलं, भिंतीचा आधार घेत आतल्या खोलीत गेला, रिसीव्हर उचलला आणि चिरक्या आवाजात आपलं पूर्ण नाव सांगितलं.