ओल्गाच्या गाडीमागे

चुकीच्या जागी गाडी लावली म्हणून दंड भरलेली माणसं तुम्हाला पुष्कळ भेटतील. पण गाडी पार्क करायला म्हणून निघाली आणि टाळ्यांच्या कडकडाटात थेट मैदानात पोचली, अशी बाई तुम्ही पाहिली नसेल. आता पाहून घ्या. तुमच्यासमोर बसलीय. चहा घ्या तोवर, सांगते.

ऐंशीच्या दशकाची सुरुवात होती. आम्ही सिडनीत वेस्टमीडला राहायचो. मी हॉस्पिटलच्या लॅबमध्ये होते आणि नवरा, सुहास, एका इंजिनिअरिंग ऑफिसात. लॅबमध्ये माझ्या शेजारच्या टेबलावर ओल्गा बसायची. ती वसईची. आमची मैत्री इतकी की माझ्या डब्यातली भाजी ती खायची आणि तिच्या डब्यातला केक मी. आणि मी तिच्यावर मनातून जळायचे. मैत्री आणि जळणं एकत्र कसं नांदतं, असं विचारू नका. ज्याला जवळची मैत्रीण आहे त्याला ठाऊक असतं.

जळायचं कारण म्हणजे गाडी. लायसन्स आम्ही दोघींनी एकदमच काढायला घेतलं. ती पहिल्याच टेस्टला पास झाली. मी किती टेस्ट दिल्या ते जाऊ द्या. तिच्याकडे नवी कोरी लाल गाडी होती, छोटी, चकचकीत. आमच्याकडे मोहरीच्या रंगाची सेकंडहँड स्टेशनवॅगन, आधीच्या मालकाच्या कुत्र्याच्या वासासकट. ओल्गा कारपार्कमध्ये शिरायची ती एका हाताने स्टीअरिंग फिरवत आणि दुसऱ्या हाताने मला टाटा करत. मी मात्र शेजारी शेजारी दोन जागा रिकाम्या दिसेपर्यंत घिरट्या घालत राहायचे, घारीसारखी.

त्यात सुहास तेल ओतायचा. "ओल्गा बघ, आरशात बघून कशी वळवते." ओल्गा बघ, ओल्गा बघ. मी ओल्गा बघून बघून थकले होते.

तर आमच्या लॅबमधला ट्रेव्हर एका लोकल क्लबकडून बेसबॉल खेळायचा. त्यांचा क्लब फायनलला पोचला आणि त्याने सगळ्या लॅबला मॅचला बोलावलं. बेसबॉलमधलं मला ओ की ठो कळत नव्हतं. पण ओल्गा म्हणाली, ती नक्की येणार. मग मी कशी मागे राहीन? मी घरी जाहीर केलं की रविवारी आपण मॅचला जायचं आणि गाडी मी चालवायची. सुहासचा चेहरा उतरला. सासूबाई मात्र लगेच तयार झाल्या.

सासूबाईंची ओळख करून देते. त्या कोल्हापूरहून चार-सहा महिने राहायला आल्या होत्या. बोलणं कमी, पण नजरेतून काही सुटायचं नाही. अंगावर नऊवारी, त्यावर सुहासचं जुनं स्वेटर, पायात आम्ही घेऊन दिलेले पांढरे कॅनव्हासचे बूट. ऑस्ट्रेलियात त्या या वेषात सगळीकडे हिंडल्या आणि कुठेही बुजल्या नाहीत. माझ्या ड्रायव्हिंगबद्दल त्यांनी तोपर्यंत चकार शब्द काढला नव्हता. गाडीत बसल्या की फक्त जप सुरू करायच्या.

रविवारी निघालो. मैदानाच्या अलीकडेच गाड्यांची ही भली मोठी रांग. शेजारच्या गवताळ माळावर पार्किंग होतं आणि नारिंगी जाकीट घातलेली माणसं एकेक गाडी आत सोडत होती. मी शहाण्यासारखी रांगेत उभी राहिले. तेवढ्यात सुहास म्हणाला, "ती बघ ओल्गाची गाडी."

पाहते तर खरंच, लाल गाडी रांग सोडून डावीकडे वळली. तिकडे वेगळंच फाटक होतं. फाटकाला निळे-पांढरे फुगे लावलेले. तिथल्या माणसाने ओल्गाला पाहिलं, हसून सलाम केल्यासारखा हात वर केला आणि फाटक उघडलं. ना रांग, ना काही.

तुम्हीच सांगा, माझ्या जागी तुम्ही काय केलं असतं? आम्ही दोघी एकाच लॅबच्या, ट्रेव्हर दोघींचा, आमंत्रण दोघींना. मग तिला खास फाटक आणि मी माळावर? माझ्या डोक्यात सणक गेली. मी इंडिकेटर दिला आणि तिच्यामागे वळले.

सुहासला मी एरवी अरे म्हणायचे आणि सासूबाईंसमोर अहो. तो म्हणाला, नलू, हे फाटक वेगळं दिसतंय, रांगेतच थांबू. मी म्हटलं, "अहो, तुम्ही गप्प बसा." सासूबाईंचा जप जरा वाढला.

फाटकावरचा माणूस खिडकीशी वाकला. भलं मोठं पोट, लाल चेहरा. त्याने विचारलं, "यू विथ धिस लॉट, लव्ह?"

आता इथे माझं इंग्रजी आडवं आलं. तो विचारत होता, तुम्ही या मंडळींपैकी का? मी समजले, लॉट म्हणजे पार्किंग लॉट, याच लॉटमध्ये लावायचीय का असं विचारतोय. मी ठासून येस म्हटलं. वर लाल गाडीकडे बोट दाखवून सांगितलं की मी तिच्यासोबत आहे. मग त्याने वाकून मागच्या सीटकडे पाहिलं. सासूबाईंनी त्याला नमस्कार केला. त्याचा चेहरा एकदम बदलला. त्याने अदबीने मान लववली, खिशातून एक निळी-पांढरी रिबन काढली आणि आमच्या गाडीच्या एरियलला बांधली.

मी सुहासकडे असं काही पाहिलं की बस्स. ओल्गाच्या एरियललाही तसलीच रिबन होती. म्हणजे आता बरोबरी झाली.

पुढे सगळ्या रिबनवाल्या गाड्या संथपणे एकामागे एक निघाल्या होत्या. मी ओल्गाच्या मागे. माझ्यामागे एक ट्रक आला, त्यावर बँडवाले बसलेले. मला वाटलं, काय थाट आहे या क्लबचा, पार्किंगलासुद्धा बँड! एका कुंपणाला वळसा घातला, एक उतार लागला, आणि समोर हिरवंगार गवत पसरलं. मनात म्हटलं, कसला सुरेख कारपार्क.

मग टाळ्या ऐकू आल्या.

डावीकडे पाहिलं तर लाकडी बाकांवर माणसंच माणसं. सगळी आमच्याकडे बघून टाळ्या वाजवत होती. सुहास हळूहळू सीटवरून खाली सरकायला लागला. तिथूनच तो मला म्हणाला, "नलू, आपण मैदानात आहोत."

थांबावं तर मागे बँडचा ट्रक. वळावं तर दोन्ही बाजूंनी खेळाडू ओळीने उभे. मी ओल्गाच्या गाडीवर नजर रोवली आणि चालवत राहिले. लाउडस्पीकरवर कुणीतरी बोलत होता आणि आता कुठे मला त्याचा अर्थ लागत होता. क्लबचे जुने नावाजलेले खेळाडू गाड्यांतून मैदानाला फेरी मारत होते. पहिल्या गाडीत अमुक कॅप्टन, दुसऱ्या गाडीत तमुक पिचर. ओल्गाच्या गाडीत होता तिचा शेजारी कीथ, एके काळचा क्लबचा कॅप्टन. त्या म्हाताऱ्याला गाडी चालवणं झेपत नव्हतं, म्हणून ओल्गा त्याला घेऊन आली होती. हे तिने मला सांगितलं नव्हतं, की मीच जळण्याच्या नादात ऐकलं नव्हतं, देव जाणे.

मग आमची पाळी आली. लाउडस्पीकर गप्प झाला. कागदांची फडफड ऐकू आली. सगळं स्टेडियम मोहरीच्या रंगाच्या गाडीकडे बघतंय आणि मला भूमी पोटात घेईल तर बरं असं झालेलं. तेवढ्यात सासूबाईंनी मागची काच खाली केली आणि हात बाहेर काढून शांतपणे हलवायला सुरुवात केली. वरातीत बसल्यासारखं.

निवेदक मोठा हजरजबाबी निघाला. त्याने सांगून टाकलं की, आणि या गाडीत आहेत फार लांबून आलेल्या आजच्या खास पाहुण्या. टाळ्यांचा नुसता पाऊस. सासूबाईंनी विचारलं, "काय म्हणतोय गं तो?" मी म्हटलं, तुमचं स्वागत करतोय. त्या म्हणाल्या, "चांगली माणसं आहेत."

गाड्या प्रेक्षकांसमोर ओळीने थांबल्या. म्हातारे खेळाडू उतरले. कुणीतरी आमचंही मागचं दार उघडलं आणि सासूबाईंना हात देऊन उतरवून घेतलं. सुहास त्यांच्यामागे धावला. क्लबचा अध्यक्ष पुढे आला, त्याने हस्तांदोलन केलं आणि त्यांच्या हातात बेसबॉलचा चेंडू दिला. मॅच सुरू होण्याआधी पाहुण्याने पहिला चेंडू टाकायचा अशी त्यांची रीत. तो मान खरं तर कीथचा होता. पण कीथच म्हणाला की त्याचा खांदा गेलाय, या बाईंनाच टाकू द्या.

सुहासने त्यांना कुठे टाकायचा ते दाखवलं. सासूबाईंनी पदर खोचला, चेंडू हातात तोलला आणि फेकला. सरळ, सणसणीत, चेंडू झेलायला समोर बसलेल्या, मुखवटा घातलेल्या माणसाच्या हातमोज्यात. माहेरच्या शेतात त्यांनी लहानपणी दगड मारून वानरं हाकलली होती, हे मला नंतर कळलं. माणसं उभी राहून ओरडायला लागली. सासूबाईंनी चौफेर नमस्कार केला.

आणि मी? मी गाडीतच होते. स्टीअरिंगला चिकटून. मला उतरा म्हणायला कुणीही आलं नाही.

गोष्ट इथे संपली असती तरी चाललं असतं. पण सगळ्या गाड्या आता बाहेर जायच्या होत्या. ओल्गाची गाडी लोण्यातून सुरी जावी तशी वळून निघाली. मी वळवली तर माझ्या धुडाला वळण पुरेना. रिव्हर्स घ्यायचा होता. घेतला. तर गाडी मागच्या मागे खेळाडूंच्या बाकाकडे निघाली. सगळी टीम बाकावर चढून उभी राहिली, त्यांत आमचा ट्रेव्हरही. मी घाबरून ब्रेक दाबला, इंजिन बंद पडलं. पुन्हा चालू केलं, पुन्हा बंद पडलं. मैदानावर आखलेली पांढरी रेघ चाकांनी फरफटत पार पलीकडे नेली. प्रेक्षकांतून सूचना येऊ लागल्या. कुणी डावीकडे म्हणतंय, कुणी उजवीकडे. निवेदकाने माइकवरून मला घाई करू नका, नो वरीज, असं सांगितलं. हजारभर माणसांसमोर कुणी धीर देण्यासारखी दुसरी बेअब्रू नाही.

शेवटी ओल्गा चालत आली. बाहेर गाडी लावून, किल्ली बोटात फिरवत. तिने माझं दार उघडलं. काही विचारलं नाही, हसली नाही. हळूच म्हणाली, "नलू, सरक."

मी सरकले. तिने आरशात पाहिलं, एका हाताने स्टीअरिंग फिरवलं आणि एका दमात गाडी मागे, पुढे आणि फाटकाबाहेर. टाळ्या. या वेळी ओल्गाला.

माळावर, अगदी टोकाला, संडासांशेजारी तिने गाडी लावून दिली. मी रडकुंडीला आले होते. इतक्या महिन्यांचं साठलेलं मग बाहेर पडलं. म्हटलं, तुला सगळं जमतं आणि मला काही जमत नाही, म्हणून मी तुझ्यावर जळते.

ओल्गाने इंजिन बंद केलं. मग म्हणाली, "आणि मी तुझ्यावर." तिची आई वसईहून यायला तयारच नव्हती. तिकीटसुद्धा पाठवून झालं होतं. विमानात पाऊल ठेवणार नाही म्हणायची. आणि तुझी सासू बघ, ओल्गा म्हणाली, मैदानात उतरून चेंडू टाकते. तिने डोळे पुसले, मीही पुसले, आणि आम्ही दोघी मॅच बघायला गेलो.

माझं जळणं तिथेच विझायला हवं होतं ना? पण आत गेलो तर सासूबाई पहिल्या रांगेत, कीथच्या शेजारी. गुडघ्यावर कुणीतरी घोंगडी घातलेली, हातात चहाचा कप, भोवती कौतुक करणाऱ्यांचा गराडा. मॅच अजून सुरू व्हायची होती, तेवढ्यात ट्रेव्हर लॅबमधल्या प्रत्येकाची त्यांच्याशी ओळख करून देत होता. मला बसायला जागा मिळाली ती खांबामागे. ओल्गावरची जळजळ घेऊन मी घरून निघाले होते, परतले ती सासूबाईंवरची घेऊन.

पुढच्या आठवड्यात लोकल पेपरात फोटो आला. आमची स्टेशनवॅगन, खिडकीतून हात हलवणाऱ्या सासूबाई, आणि पुढे स्टीअरिंगवर काळा गॉगल आणि हॅट घातलेली मी, ओठ घट्ट मिटलेले. सुहासने कात्रण कोल्हापूरला पाठवून दिलं.

काही दिवसांनी नणंदेचा ट्रंककॉल आला. त्या काळी ट्रंककॉलवर माणसं अशी ओरडायची की फोन न घेताही सगळ्या घराला ऐकू जायचं. मी स्वयंपाकघरात पोळ्या लाटत होते. नणंद आईचं कौतुक करून थकली आणि मग तिने विचारलं, "आई, दादाने तिकडे ड्रायव्हर ठेवलीय होय? तीसुद्धा बाई?"

सासूबाई तिची चूक दुरुस्त करतील म्हणून मी लाटणं हातात धरून थांबले. त्यांनी स्वयंपाकघराच्या दाराकडे एकदा पाहिलं.

"हो, ठेवलीय," त्या फोनमध्ये म्हणाल्या. "बरी आहे. स्वयंपाकही करते."