आठवा ओघ

माझ्या मैत्रिणीने आणि मी मिळून एक देश रचला होता. ठाण्याच्या कॉलेजात, अर्थशास्त्राच्या कंटाळवाण्या तासाला, शेवटून दुसऱ्या बाकावर. त्या देशात जमिनीखालून एक जादूची शक्ती वाहायची. आम्ही तिला झळ म्हणायचो आणि ती ज्या वाटांनी जायची त्यांना ओघ. ओघावर वसलेल्या गावात दिवे वातीशिवाय जळत, मोडलेलं हाड रातोरात जुळून येत असे. ओघ आटला की आधी माणसांच्या सावल्या फिक्या होत.

मी डोंबिवलीची, कोपरला राहणारी, नोकरदार घरातली. ती ठाण्यातल्याच बाळकुमची, मूळ गावातली. तिचे आजोबा मिठागरात काम केलेले. भरतीचं पाणी फळी उचलून आत घ्यायचं आणि एका खाचरातून दुसऱ्यात हळूहळू फिरवायचं, हे तिने लहानपणी त्यांच्याकडून ऐकलं होतं. तेच तिने आमच्या देशात आणलं. प्रत्येक ओघाच्या फाट्यावर एक फळी आणि एक राखणदार. त्याने झळ पुढे सोडायची, अडवायची नाही. अडवली की मागची गावं सुकतात.

गोष्टी मी लिहायचे, नकाशा तिच्याकडे. ड्रॉइंगचे कागद जोडून जोडून तो पलंगाएवढा झालेला. नियम मात्र सगळे तिच्या डोक्यात. लिहून ठेव म्हटलं की म्हणायची, तू विचारत जा ना, मी आहेच की.

लग्नं झाली, मुलं झाली, तिच्या घराच्या जागी टॉवर आला आणि ती अकराव्या मजल्यावर राहायला गेली. देश चालूच राहिला. सात ओघ झाले. माझ्या शेवटच्या गोष्टीत एक शहर आटत चाललेलं आणि ते कसं वाचवायचं ते मला सुचत नव्हतं. एका बुधवारी दुपारी तिचा फोन आला. आठवा ओघ सापडला म्हणाली. कुठून जातो, मी विचारलं.

"फोनवर नाही. नकाशा समोर हवा. रविवारी ये."

शनिवारी सकाळी ती स्वयंपाकघरात कोसळली. मेंदूतली रक्तवाहिनी बंद पडली होती. वय एक्केचाळीस.

ती वाचली. उजवा हात गेला आणि बोलणं गेलं. डॉक्टरांनी सांगितलं, समजतं सगळं, शब्द सापडत नाहीत. येतील किंवा येणार नाहीत. एकच शब्द उरला होता, 'परवा'. पाणी हवं असलं तरी परवा, मुलगी शाळेतून आली तरी परवा, रडताना परवा.

मी दर रविवारी जायला लागले. बोलणं शिकवायला येणाऱ्या बाईंनी सांगितलेलं की तिच्या आवडीचं काहीतरी समोर ठेवा. मी नकाशा पसरायचे. ती डाव्या हाताचं बोट कागदावर ठेवायची, एका डोंगराशी न्यायची, माझ्याकडे बघायची आणि म्हणायची, परवा. मी घरी येऊन त्या शब्दावर विचार करत बसायचे. परवा म्हणजे दोन दिवसांनी उघडणारी फळी? दोन दिवसांच्या अंतरावरची वाट? वहीची पानंच्या पानं भरली. शेवटी त्या बाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, तो अडकलेला शब्द आहे, त्यात अर्थ शोधू नका.

तरी मी थांबले नाही. एका रविवारी तेच तेच विचारत राहिले. इथून? मग इथून? तिचा चेहरा लाल झाला आणि तिने डाव्या हाताने नकाशा ढकलला. तो पलंगाखाली गेला. तिची आई दारात उभी होती.

"समजतं तिला सगला, पन तोंडात येत नाय," ती म्हणाली. मग जरा थांबून, "तू हिला भेटाला येतंस का त्या नकशाला?"

मी नकाशा तसाच पलंगाखाली ठेवून निघाले. लिफ्टमध्ये मी रडले, पण कोणासाठी ते तेव्हाही नीट कळलं नाही.

त्यानंतर बरेच रविवार मी नकाशा काढला नाही. आम्ही मेथी निवडायचो. ती एका हाताने पानं खुडायची, मी ऑफिसच्या गोष्टी सांगायचे. हळूहळू आणखी दोन शब्द आले. 'आई' आणि 'नको'. मुलीचं नाव अजून नाही. मुलगी आईसमोर हसते आणि बाथरूममध्ये जाऊन नळ सोडते.

पावसाळा संपता संपता मैत्रिणीनेच पलंगाखाली बोट दाखवलं. मी नकाशा काढला. मग घरी बसून मी स्वतःच आठव्या ओघाची एक वाट रचली, डोंगराच्या पोटातून आटत्या शहरापर्यंत, आणि पुढच्या रविवारी तिला वाचून दाखवली. तिने डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं. मग मान हलवली.

"नको."

म्हणजे चूक. खरी वाट तिला माहीत आहे, आत कुठेतरी ती अख्खी आहे. मी विचारलं, जवळ तरी आले का? तिने तोंड उघडलं, बराच वेळ उघडंच ठेवलं आणि मिटलं. तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. ते मी माझ्या ओढणीने पुसलं, कारण तेवढंच मला करता येत होतं.

आजवर चार वाटा वाचून झाल्यात. चारही वेळा नको. पाचवी अर्धी लिहून झाली आहे आणि तीही चुकीची आहे, हे मला लिहितानाच कळतंय.