पऱ्याच्या वाटेवरचा कॅमेरा

शिवथरच्या वर आमची वाडी आहे. संध्याकाळचा चहा झाला की मी मागच्या ओढ्यापर्यंत, म्हणजे आमच्या पऱ्यापर्यंत, एकटी जाऊन यायचे. दिवसभरात माझा म्हणावा असा तेवढाच पाऊण तास.

त्या वाटेवर आणखी कोण येतं ते बघायची मलाच हौस. भाच्याकडून जंगलात लावायचा कॅमेरा मागवला आणि ऐनाच्या बुंध्याला गुडघ्याएवढ्या उंचीवर बांधला. समोरचं गवत कोयत्याने साफ केलं, नाहीतर हलणाऱ्या प्रत्येक पात्याचा फोटो निघतो.

आठ दिवसांनी कार्ड काढून पाहिलं. एका फोटोत मी परत येत होते. पुढच्या फोटोत, अकरा मिनिटांनी, त्याच वाटेने बिबट्या निवांत येत होता. मला भीती नाही वाटली, सोबत असल्यासारखं वाटलं. आनंदाच्या भरात दोन्ही फोटो भावकीच्या ग्रुपवर टाकले.

तिथेच चुकलं. गणपतीला आणि शिमग्याला तेवढी गावी येणारी आमची मुंबईची मंडळी तासाभरात निर्णय घेऊन मोकळी झाली. धाकट्या दिराचा फोन आला, "वहिनी, त्या साइडला आता जायचं नाय." एवढी वर्षं तो बिबट्या आणि मी, आम्ही दोघं एकच वाट वापरत होतो आणि कोणाचं काही बिघडलं नव्हतं, हे मी सांगून पाहिलं. सासूबाईंनी मागच्या दाराला कुलूप घातलं आणि किल्ली कनवटीला खोचली.

आता कार्ड नवरा काढून आणतो. बिबट्या अजून त्याच वाटेने येतो-जातो. कुठे निघालास, असं त्याला कोणी विचारत नाही.